पेटी गेली, मृदंग चालू

१

"पेटी गेली! माई, पेटी गेली वं!"

ही हाक कानावर आली आणि माझा हात आधी काखेत गेला. मी संजीवनी, पेटीवाली. रुक्मिणीमाईंच्या कीर्तनाला साथ करते. माझी पेटी माझ्याजवळच होती, भाता जागेवर, सूर जागेवर. मग गेली कोणती?

बोरसोंड्याचा सप्ताह होता. मेहकरच्या अलीकडचं हे गाव, दुसऱ्या दिवशी काल्याचं कीर्तन माईंचं. त्या दिवशी एकादशी. दुपारची दिंडी गावाला वळसा घालून नुकतीच देवळात परतली होती. टाळकऱ्यांच्या कपाळावरचा बुक्का घामानं ओघळत होता. पुढे प्रेमानंद मृदंगी, गळ्यात मृदंग, थाप भरीव यावी म्हणून डाव्या पुडीला लावलेल्या कणकेवर पाण्याची बोटं फिरवत उभा. आणि त्या गर्दीतून समीक्षा धावत आली, चपला कुठं पडल्या तिलाही ठाऊक नसावं.

"कोणती पेटी वं?" माईंनी तिला धरलं.

"माही! कॉम्प्युटरची! बुवांचे हात गेले, माई!"

ज्यांना हे ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. मोतीरामबुवा या मुलखातले नामांकित मृदंगी, समीक्षाचे आजोबा. आता अर्धांगानं उजवं अंग गेलंय, बोलणंही एखाद्या शब्दापुरतं उरलंय. पण त्याआधी या पोरीनं त्यांच्या मनगटांना, बोटांना पट्टे बांधून त्यांचं वाजवणं कॉम्प्युटरात उतरवून घेतलं होतं. त्याचा तिनं खेळ केला. डोळ्यांवर डबा चढवायचा की समोर साक्षात बुवा बसलेले, मांडीवर मृदंग. ते वाजवतात, तुम्ही हातात टाळ धरून साथ करायची. पुढची पायरी चढलात की टाळ जातो आणि तुमच्या मांडीवर मृदंग येतो.

पोरीला लहानपणी मृदंगाला हात लावू दिला नव्हता कोणी. बुवांची शिकवणी ओसरीवर चाले आणि ही दारात बसून मांडीवर बोल काढी. आता ती म्हणत होती, गावातल्या पोरींना मी या खेळातून मृदंग शिकवते, द्या मला देवळामागची खोली.

विश्वस्तांचे अध्यक्ष रामराव. त्यांनी सगळ्यांसमोर अट घातली होती : काल्याच्या दिवशी, कीर्तनाच्या आधी, अख्ख्या गावापुढं खेळ चालवून दाखवा. चालला तर खोली पोरींची. नाही चालला तर तिथं पुन्हा कढया अन् सतरंज्या, आणि पोरींच्या मृदंगाचा विषय कायमचा बंद.

काला उद्यावर आला होता. आणि पेटी नव्हती.

२

खोलीत आम्ही तिघीच गेलो. माईंनी दार लोटून घेतलं.

टेबलावर पडदा होता, कळफलक होता, डोळ्यांवर घालायचे चारही डबे ओळीनं मांडलेले होते. भिंतीवर ते वायफायचं यंत्र दिवे मिचकावत होतं. फक्त टेबलाखालची पेटी नव्हती. त्या जागी धुळीत चौकोन उमटला होता, आणि त्याच्या शेजारी आणखी एक लहान चौकोन.

"हा कायचा?" माईंनी विचारलं.

"बॅटरी होती. लाइट गेली तं पेटी बंद पडू नये म्हणून. तीपण नेली मेल्यानं."

"जड असते?"

"लय जड. दगडावानी."

"मंग पडदा सोडून दगड काऊन नेला?" माई पुटपुटल्या.

पेटीतून यंत्राला गेलेली निळी वायर उपटून जमिनीवर टाकलेली होती. तिच्या टोकाशी मुंग्या लागल्या होत्या. माईंनी मुंग्या फुंकरीनं उडवल्या, टोक नखानं खरवडलं, नख नाकाशी नेलं आणि पदराला पुसलं.

"दुसरीकडं काही ठेवलं नाही का वं, पोरी?"

"कच्चं आहे. पण त्याच्यातून बोटन् बोट साफ करायले मले वर्ष गेलं. आता बुवा पुन्हा वाजवू शकत नाहीत, माई. त्यायचा हात पुन्हा कुठून आणू?" आणि मग, रडं गिळून, "पण मी सांगते, उद्या मी त्या मंडपात उभी राहीन. पेटी असो नसो. हात जोडून खोली परत नाही देणार."

"हे बरं बोलली," माई म्हणाल्या. त्यांनी एक डबा उचलला. "मले दाखव तरी कसा घालतात ते."

"काही नाही दिसणार त्याच्यात. हा डबा म्हंजे नुसते डोळे, माई. खेळ पेटीत राह्यते. पेटी तो वाऱ्यावरून इकडं पाठवते. तुम्ही हात हलवला की डबा पेटीले कळवते, पेटी तसं चित्र करून परत धाडते. पापणी लवायच्या आत."

"म्हणजे मी चरण म्हणते अन् मागचे टाळकरी उचलतात, तसं."

"हाव, तसंच. पण म्हणणारीच गेली ना."

माईंनी ऐकलंच नाही. पदर सावरून डबा डोळ्यांवर चढवला. समीक्षानं जड मनानं पट्टा आवळला, बटण दाबलं. मग त्यांचे दोन्ही हात आपसूक जोडले गेले.

"अवं पोरी," त्या हलक्या आवाजात म्हणाल्या, "मोतीरामबुवा तं वाजवून राह्यले!"

३

समीक्षानं दुसरा डबा चढवला. बुवा होते. मांडीवर मृदंग, मिशीत हसू, हात चालू.

"म्हणजे पेटी चालू आहे! आन् जवळच आहे! या यंत्राच्या पलीकडं फार लांब वारा पोचत नाही."

"पण लय लंगडते," माई म्हणाल्या. "थाप डोळ्याले आधी दिसते, कानाले अन् हाताले मागून. बुवांचा हात असा नव्हता कधी."

"वायर काढली ना. वायर निघाली की पेटी आपोआप वाऱ्यावर जाते. लांब असली, मधात भिंती असल्या की उशीर होते."

माईंनी डबा काढला. "कोणाले सांगू नको. चोराले वाटते पेटी मुकी झाली. वाटू दे."

मग त्या बाहेर आल्या. माईंची विचारपूस म्हणजे गप्पाच. कोणाच्या गुडघ्याची चौकशी, कोणाच्या सुनेची, आणि मधूनच एक प्रश्न, तुळशीच्या मंजिरीसारखा हलका.

रामराव भगरीची ताटली घेऊन खांबाला टेकले होते. दिंडी गावात गेली तेव्हा देवळात ते एकटेच होते. विण्याचा पहारा त्यांचा होता. सप्ताहात वीणा सातही दिवस जमिनीला टेकत नाही, एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात जाते.

"माई, गाव माह्याकडंच पाहून राह्यलं," ते तडकून म्हणाले. "मी विरोध केला, तोंडावर केला. डोळ्यावर डबा बांधून काय भजन होते? पण चोरी? हट्!"

"काही ऐकू आलं का, भाऊ?"

"माही पाठ दाराकडं, तोंड देवाकडं. वीणा गळ्यात असली की मी वळत नाही. एक मात्र... टी-टी-टी असं काही वाजलं. मले वाटलं कोणाचा मोबाइल. तव्हा बाहेर पिंपळापाशी बायांची फुगडी रंगली होती, त्यायच्या तोंडच्या पकव्याचा आवाज येऊन राह्यला होता. मंग थांबलं ते टी-टी."

मंडपाच्या कडेला कुलदीप होता. मेहकरला त्याचं साउंडचं दुकान आणि खेळाचं पार्लर. सप्ताहाचे भोंगे, माईक त्याचेच. एकादशीच्या दिवशी भर मंडपात तो कचोरी खात होता आणि आजूबाजूच्या म्हाताऱ्या त्याला डोळ्यांनी भाजून काढत होत्या.

"माईले रामराम! घ्या कचोरी," तो हसला.

"तूच खा बाप्पा, तुह्या पोटात देव भुकेला राहून गेला असन. समीक्षाचा खेळ पाह्यला होता का तू?"

"पाह्यला ना. एक नंबर केला तिनं. मी म्हटलं, बुवाच्या जागी भूत टाक, टाळाच्या जागी बंदूक टाक, पार्लरमंदी लाइन लागन. तं मलेच म्हणे, आधी तू तोंड धू." त्यानं खांदे उडवले. "मी सोडत नाही तिले. पण पेटी चोरून काय करू? ते सगळं उकलायले तिचंच डोकं लागते."

प्रेमानंद देवळाच्या पायरीवर बसला होता. बुवांचा पट्टशिष्य. कानशिलं पिकली होती, पण बुवांपुढं अजून वाकून चालायचा. मांडीवर मृदंग आडवा, डाव्या पुडीवरची वाळलेली कणीक तो नखानं सोलत होता. माई बसताच त्यानं पाय धरले.

"दिंडी सुंदर झाली," माई म्हणाल्या. "दमला असशीन."

"मृदंग गळ्यातून उतरवलाच नाही, माई. निघाल्यापासून परत येईस्तोवर."

"ऐकलं ना मी. समीक्षाचं लय वाईट झालं पण."

"हो." त्याचं बोट पुडीवर थांबलं. "सगळे म्हणून राह्यले बंद पडलं असन ते आता. बुवा... म्हणजे ते आतले... त्यायले काही होत नाही ना, माई?"

"मले काय कळते बाप्पा त्याच्यातलं," माई उठल्या. दोन पायऱ्या उतरून त्यांनी मला विचारलं, "संजीवनी, आज फराळाले काय काय आहे वं?"

"भगर, दाण्याची आमटी, राजगिऱ्याचे लाडू, केळी. का?"

"पोळ्या लाटायच्या बाया काय करून राह्यल्या?"

"आज कशाला लाटतील? परात पालथी आहे सकाळपासून. एकादशी आहे, माई!"

"एकादशीच तं आहे," माई म्हणाल्या, आणि त्यांचा चेहरा एकदम उतरला. एखाद्या गोड गळ्याला बेसूर होताना ऐकावं, तसा.

४

दिवेलागणीला मंडपात भजन बसलं. त्या गजरात आमचं शोधकार्य कोणाच्या लक्षात आलं नाही.

युक्ती समीक्षाची, कान माईंचा. वायफायच्या यंत्राला एक लहान बॅटरी जोडून समीक्षानं ते ओढणीखाली छातीशी धरलं. माईंनी डबा घातला आणि तिच्या खांद्यावर हात ठेवला. मी दुसऱ्या हाताला. कोणी विचारलंच तर सांगायचं, माईंच्या डोळ्यांत कचरा गेलाय.

"यंत्र आपल्याजवळच आहे," समीक्षा कुजबुजली. "मंग उशीर कमी झाला तं समजायचं, पेटीपण जवळ आली."

आधी स्वयंपाकाच्या छपराकडं गेलो.

"मागं पडून राह्यली. एक थाप मागं."

बुवांच्या घराच्या बाजूला वळलो.

"बुवा थांबले, चित्र फाटून राह्यलं. फिरा मागं."

देवळाच्या डाव्या अंगानं मंडपात शिरलो. माईंची पावलं सावकाश पडत होती, ओठ बोल म्हणत होते. कीर्तनाच्या चौथऱ्यापाशी आलो आणि त्यांनी माझं मनगट घट्ट दाबलं.

"जुळली. समेवर सम. इथंच."

चौथरा फळ्यांचा, खालून पोकळ; त्याला पुढून सतरंजी सोडलेली होती. मी पेटीच्या सुरांची पट्टी शोधायचं निमित्त करून वाकले. आत कुलदीपची यंत्रं होती, वायरींचं जाळं होतं, आणि त्याच्या मागं, एका धुतलेल्या उपरण्यावर, समीक्षाची पेटी. बॅटरीसकट. हिरवा दिवा तेवत होता. बॅटरीची वायर कुलदीपच्याच विजेच्या फळीत खोचलेली.

"कुलदीप्या!" समीक्षानं दातओठ खाल्ले. "याच्या फळीतून लाइट! थांब, आता भर भजनात कॉलर धरते त्याची."

"थांब." माईंनी डबा काढला होता. त्याही वाकून पाहत होत्या. "पेटीवर काय आहे वं?"

मी हात घातला. पेटीच्या माथ्यावर तुळशीचं पान होतं. ताजं. शेजारी बुक्क्याचा टिळा.

समीक्षानं टिळ्यावर बोट ठेवलं. "टिळा सप्ताहाच्या पहिल्या दिवशीचा आहे. बुवांनीच लावला, डाव्या हातानं. सगळ्यांसमोर म्हणाले, 'बंद... नको.' म्हणून मी आत नामाचा गजर लावून ठेवला, सप्ताहभर बंद केलीच नाही पेटी. पण तुळस? तुळस मी नाही ठेवली."

"मंग राहू दे," माई म्हणाल्या. "पेटी इथंच राहू दे. तुह्या खेळाले पेटी कुठं आहे त्याच्याशी काय करायचं? वारा पोचला म्हणजे झालं. उद्या मी हिच्याच डोक्यावर उभी राहून कीर्तन करीन."

"आन् चोर?"

"चोर कीर्तनाले येईन. तो कीर्तन चुकवणारा नाही, हेच तं दुःख आहे."

५

द्वादशीची सकाळ. गोठ्यातल्या म्हशी सोडून लोक मंडपात आले होते. दहीहंडी वर टांगलेली. मोतीरामबुवांना खुर्चीवर बसवून पुढं आणलं. उजवा हात मांडीवर निपचित, डावा हात खुर्चीच्या दांडीवर हलकेच काही तरी शोधत असलेला.

रामराव गळ्यात वीणा घेऊन माईकपाशी आले. "मंडळी, पेटी सापडली नाही. म्हणून तो खेळ—"

"चालणार आहे," समीक्षा म्हणाली. ती चौथऱ्यासमोर उभी होती, मागं चार पोरी, डोळ्यांवर डबे.

"पेटीबिगर?" कोणी तरी हसलं. "पोट्ट्या हवेत टाळ वाजवतीन आता!"

"हवेतच तं वाजवणार," ती म्हणाली, आणि हात वर केला.

पहाटेच तिनं कुलदीपच्या वायरींत आपली एक वायर खोवली होती. भोंग्यांतून मृदंगाची थाप घुमली. एकच. गावात त्या थापेला न ओळखणारं माणूस नव्हतं. म्हाताऱ्यांनी दचकून खुर्चीकडं पाहिलं. बुवा तर तसेच बसलेले. आणि त्यांचाच हात मंडपभर वाजत होता, द्रुत, गोल, गावच्या पाण्यासारखा. चारही पोरींचे हात एका समेवर आले, सुटले, पुन्हा आले. कोणी हसलं नाही. बुवांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि डावा हात दांडीवर ठेका धरत होता.

मी पेटीवरून प्रेमानंदाकडं पाहत होते. माईंनीच सांगितलं होतं, पोरींकडं पाहू नको, मृदंग्याकडं पाह्य. तो उभा राहिला होता. नजर पोरींवर नव्हती, बुवांवर नव्हती. तो चौथऱ्याच्या सतरंजीकडं पाहत होता.

खेळ थांबला. टाळ्या पडल्या. माई चौथऱ्यावर चढल्या, मायबाप श्रोत्यांना दंडवत घातला आणि काल्याला सुरुवात केली. पूर्वरंग झाला, गोकुळ आलं, शिंकी आली, लोणी आलं.

"काल्याचं कीर्तन म्हणजे चोरीचं कीर्तन," माई म्हणाल्या. "तं आज एक चोरी सांगते, आपल्याच गोकुळातली. चोरानं पेटी नेली. पडदा नाही नेला. पण दगडावानी बॅटरी मात्र नेली. कायले? पेटी बंद पडू नये म्हणून! आता मले सांगा, चोरलेली वस्तू कोणी चालू ठेवते? कुलदीपभाऊ, तू ठेवशीन का?"

"पागल आहे का, माई? पह्यले बटण दाबीन!" कुलदीप बोलून गेला. लोक हसले.

"म्हणून तू नाही. तुले ठाऊक आहे, चालू पेटी वाऱ्यावर बोलते. रामरावभाऊ, तुमच्या गळ्यात वीणा, एक हात तिले, दुसऱ्या हातात चिपळ्या. पेटीले लागतात दोन हात. वीणा खाली ठेवली असती तं सप्ताह मोडला असता. अन् तुम्ही मोडान, पण सप्ताह मोडू देणार नाही. म्हणून तुम्हीपण नाही."

रामरावांची मान ताठ झाली. आदल्या दिवसापासून पहिल्यांदाच.

"मंग कोण? ज्याच्या मनात देव आहे तो. चालू असलेलं नाम सप्ताहात बंद करायचं नाही, ही ज्याच्या बोटाले भीती आहे तो. त्यानं निळी वायर उपटली, त्याले वाटलं संबंध तुटला. पण दिवा विझवायले हात धजला नाही. भिंतीतून बॅटरी काढली तं ती टी-टी ओरडली, भाऊनी ऐकली. तवा दिंडी बाहेर पिंपळापाशी थांबली होती, फुगडी चालू होती. देवळाच्या मागंच. आता बायांनो, तुम्ही सांगा, फुगडीले मृदंग लागते का?"

"कायले? तोंडाचा पकवा पुरते!" बायका एका सुरात ओरडल्या.

"म्हणजे तेवढा वेळ मृदंग मोकळा. अन् त्या उपटलेल्या वायरीले मुंग्या लागल्या होत्या. कशाले? कच्च्या कणकेले. काल एकादशी. गावात एकाही परातीत गहू भिजला नव्हता. भगर होती, राजगिरा होता, कचोरी होती तीपण तळलेली. कच्ची कणीक अख्ख्या बोरसोंड्यात एकाच जागी होती."

माई थांबल्या. नाव घेतलं नाही. पण मंडपातलं प्रत्येक डोकं हळूहळू एकाच दिशेला वळलं. मृदंगाच्या डाव्या पुडीकडं.

६

प्रेमानंदानं मृदंग गळ्यातून काढला, जमिनीवर ठेवला आणि हात जोडले.

"नेली मी. फुगडीच्या वेळेले मृदंग पिंपळाले टेकवला अन् नेली. पण मी चोर नाही, माई. बुवांचा पोरखेळ करून ठेवला होता या पोरीनं. मी बुवाले तिथून उचललं अन् देवाजवळ नेलं."

"देवाजवळ नेलं," माई म्हणाल्या, "अन् वरून सतरंजी सोडली."

"मले सांगा," प्रेमानंद म्हणाला, "हाताचं चामडं होईस्तोवर मी बसलो त्यायच्या पायाशी. त्यायचं पाणी भरलं, अंथरूण घातलं. तवा हे चार बोल मिळाले. अन् आता कोणीही पोट्टी येईन, डबा बांधन, हसता हसता घेऊन जाईन? मंग मी कोण?"

"काका," समीक्षा पुढं आली. घाबरलेली नव्हती. "तुम्ही ओसरीवर बसायचे तवा मी दारात होते. आठवते? उंबऱ्याच्या आत पाय टाकला की तुम्हीच हाकलायचे, 'चल वं, पोरीच्या जातीचं नाही हे.' मी दारातून शिकले. म्हणून मी असं काही केलं ज्याले दारच नाही. डबा घाला, बुवा समोर. आता हाकलून दाखवा कोणाले."

"द्या याले पोलिसात!" मागून कोणी ओरडलं. दोघं-तिघं उठलेही.

माईंनी चिपळ्या वाजवल्या. "बसा खाली. काल्यात भाकर कोणाची, दही कोणाचं, विचारतात का? एकदा कालवलं की सगळ्यायचं. कान्ह्यानं शिंकी काऊन फोडली? लोणी खायले? त्याच्या घरी काय लोणी कमी होतं? वर टांगून ठेवलेलं त्याले पाहवत नव्हतं! बुवांचे हात तू टांगून ठेवले होते, प्रेमानंदा. या पोरीनं दगड मारला." मग आवाज खाली आणला. "अन् तू कोण म्हणतो? तिच्या डब्यातले बुवा पोरीची चूक झाली तं थांबतात, पुन्हा वाजवतात. पण बोट धरून वळवता येत नाही त्यायले. ते कोण करन? याची शिक्षा मी नाही सांगत. ज्याचे हात चोरीले गेले त्यायले विचारा."

सगळे बुवांकडं वळले. म्हाताऱ्यानं प्रेमानंदाकडं पाहिलं. ओठ हलले, शब्द फुटेना. मग डाव्या हातानं त्यांनी जमिनीवरचा मृदंग दाखवला आणि मांडी थोपटली. प्रेमानंदानं मृदंग उचलून त्यांच्या मांडीवर आडवा ठेवला. बुवांचा डावा हात डाव्या पुडीवर आला. उजवी पुडी मोकळी राहिली. प्रेमानंद तिथं हात ठेवायला वाकला, तोच बुवांनी मान हलवली. त्यांची नजर समीक्षावर होती.

"वाजव," ते म्हणाले.

"थांबा!" रामराव उठले. "खोली दिली, शब्द पाळला. पण व्यासपीठासमोर, काल्यात, पोरीच्या जातीनं मृदंग..."

"रामरावभाऊ," माई चौथऱ्यावरून म्हणाल्या, "पंचवीस गावांनी मले याच जागेवरून उतरायले सांगितलं होतं. मी कुठं उभी आहे, पाह्यता ना?"

रामरावांनी पाहिलं. वर हंडी, खाली माई, माईंच्या पायाखाली हिरव्या दिव्याची ती पेटी. मग त्यांनी विण्याची खुंटी उगाच पिळली, एक तार छेडली आणि सूर दिला. मी पेटीवर तो सूर धरला.

समीक्षा बुवांच्या उजव्या हाताला बसली. बुवांनी डावी थाप दिली. आवाज कोरडा पडला, भद्द. त्यांनी कपाळाला आठी घातली. कालची कणीक प्रेमानंदानं सोलून टाकली होती, आज नवी लावलीच नव्हती.

प्रेमानंद तसाच उभा होता, हात लोंबत, जावं की राहावं या विचारात. माईंनी त्याला हाक मारली, अगदी घरातल्याला मारावी तशी.

"उभा काय राह्यला बे? जा, परातीतून कणीक आण अन् पोरीच्या मृदंगाले लाव. आज बारस आहे. आज अख्ख्या गावाच्या हाताले कणीक लागन."